विचारा की! : ब्रह्मकमळाच्या घरातली आजी

मागच्या अंकात एका वाचकांनी विचारलं होतं, 'ब्रह्मकमळ कुठल्या परदेशी सिनेमात दिसलं आहे का?' मी 'क्रेझी रिच एशियन्स' एवढंच उत्तर दिलं आणि जाता जाता एक वाक्य जोडलं, की त्यातली आजी मला नायिकेपेक्षा जास्त आवडली. त्या एका वाक्यावर एवढी पत्रं येतील असं वाटलं नव्हतं. या वेळचं सदर त्या आजीलाच दिलं आहे. कुंद्याच्या आणि पेन्शनच्या प्रश्नांना पुढच्या महिन्यात उत्तरं देईन.

प्रश्न : बाई, नमस्कार. तुमचं वाचून मी मोबाईलवर तो सिनेमा लावला. आमची आज्जी मागं येऊन बसली. तिला इंग्रजी येत नाही. सारखं 'काय म्हणूलालीय गे ती?' मग मी सांगत सुटले. अख्खा सिनेमा आम्ही असाच बघितला. आज्जीला त्यातली आज्जी फार आवडली. म्हणाली, तुझ्या त्या बाईंना विचार, ही कोण, कुठली, घरात कोण कोण होतं.
— कॉलेजात शिकणारी एक वाचिका, खानापूर

उत्तर : आज्जीला सांग, तिचं नाव लिसा लू. चिनी नाव लू यान. जन्म १९ जानेवारी १९२७चा, बीजिंगमधला. सिनेमा आला २०१८ साली, म्हणजे पडद्यावर दिसते ती बाई तेव्हा एक्क्याण्णव वर्षांची होती. रंगवलेलं म्हातारपण नाही ते.

आधी फुलाचं सांगते, कारण त्यावरही चार जणांनी विचारलं आहे. सिंगापूरच्या त्या वाड्यात सगळे नातेवाईक रात्री जमतात ते फूल उमलताना बघायला. चिनी लोक त्याला तानहुआ म्हणतात. आपल्या गल्लीत कुंडीतून लोंबणारं, रात्री दहानंतर उघडणारं आणि सकाळी मान टाकणारं जे ब्रह्मकमळ, तेच हे. निवडुंगाच्या जातीचं आहे, मूळ मेक्सिकोकडचं. हिमालयातलं ब्रह्मकमळ वेगळं. पण हे कुणाला सांगायला जाऊ नकोस, आमच्या शेजारणीने माझ्याशी आठवडाभर बोलणं टाकलं होतं. फूल उमलायला लागलं की आपण शेजारपाजाऱ्यांना उठवून बोलावतो, हळदकुंकू वाहतो, कुणीतरी फोटो काढतं. त्या सिनेमातही तेच चाललेलं असतं, फक्त त्यांच्याकडे मोटारी जास्त.

आता घरात कोण होतं ते. आई होती, आणि ती आई साधी नव्हती. ली गुईफेन हे तिचं नाव. पेकिंग ऑपेरा, म्हणजे चिनी संगीत नाटक, त्यातली नामांकित गायिका-नटी, आणि कामं करायची पुरुषांची. दाढी लावलेला वयस्क, भारदस्त पुरुष, म्हणजे राजा, मंत्री, सेनापती, असं एक ठरलेलं पात्र त्या नाटकात असतं. ते ती रंगवायची. आपल्याकडे बालगंधर्व शालू नेसून उभे राहायचे आणि बायका त्यांच्याकडे बघून पदर कसा घ्यायचा ते शिकायच्या. इथे उलट. बाई दाढी लावून दरबारात उभी. आपल्याकडेही जुन्या काळी केवळ स्त्रियांच्या संगीत मंडळ्या होत्याच, त्यांत बायका मिशा लावत. अण्णासाहेब किर्लोस्कर आपल्या बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचे, त्यामुळे आपल्या भागातल्या म्हाताऱ्या माणसांना यात नवल वाटणार नाही. हल्लीच्या पोरांना वाटतं.

तिकडचे बालगंधर्व म्हणावेत असे एक होते, मेई लानफांग. जन्म १८९४चा, म्हणजे आपल्या बालगंधर्वांहून सहा वर्षांनी लहान. स्त्री-भूमिकांचा हा राजा लू यानचा मानलेला बाप. युद्धाच्या काळात मायलेकी शांघायमध्ये त्यांच्याच घरी राहत होत्या. जपान्यांचा अंमल होता आणि जपान्यांना हवं होतं की मेईंनी नाटक करावं. त्यांनी काय केलं? मिशी वाढवली. मिशीवाला माणूस नायिका कशी करणार! युद्ध संपेपर्यंत मिशी काढली नाही, चित्रं विकून घर चालवलं. १९४५ साली मिशी उतरली आणि मेई पुन्हा स्टेजवर आले. ज्या घरात मिशी ठेवणं हाच नकार होता, त्या घरात ही मुलगी वाढली. मला हा सगळा प्रकार तिच्या नंतरच्या बक्षिसांपेक्षा महत्त्वाचा वाटतो.

आणि आता तुझ्या आज्जीसाठी. ही गोष्ट तिला जेवण झाल्यावर, निवांत सांग.

त्या काळी शांघायच्या मोठ्या थिएटरांत हॉलिवुडचे सिनेमे लागत. बघायला चिनी लोक येत, पण सगळ्यांना इंग्रजी कुठून येणार? म्हणून खुर्च्यांना इअरफोनची सोय केलेली. तिकिटावर थोडे जादा पैसे दिले की कानात एक मुलगी बोलायला लागे. ती आत एका खोलीत बसून पडदा बघायची आणि तिथल्या तिथे संवाद चिनी भाषेत सांगत जायची. हिरो ती, हिरॉईन ती, खलनायक ती, रडणारं पोर तीच. लोकांना तिचा चेहरा दिसायचा नाही, नुसता आवाज. विशीच्या आतबाहेरची लू यान हे काम करायची. पडद्यावर यायच्या कितीतरी आधी तिने अंधारात बसून शेकडो पात्रं अशी बोलली. नाटकाची शाळा तिने पुढे अमेरिकेत केली, ते सांगते, पण मला विचारशील तर शाळा ही.

म्हणजे तू त्या रात्री आज्जीच्या कानाशी जे केलंस, तेच.

मीही केलं आहे, आणि इअरफोनशिवाय. माझी आजी चंदगडकडची. लग्न होऊन शहापुरात आली, आयुष्य कानडी शेजारात काढलं, पण तिचं कानडी 'एष्टु', 'बेडा' आणि 'साकु' एवढ्यावर थांबलेलं. बाजारापुरतं. सिनेमा मात्र तिला डॉ. राजकुमारांचाच हवा. म्हणे, माणूस तोंडावरून चांगल्या घरातला दिसतो. मी आठ-नऊ वर्षांची, गल्लीत खेळून कानडी शिकलेली. टॉकीजमध्ये तिच्या मांडीला टेकून मी सांगायची. एकदा हिरो बराच वेळ बोलला, हात वर करून बोलला, बाया पदराने डोळे पुसायला लागल्या. मी सांगितलं, "नाही म्हणतोय." आजीने माझ्याकडे बघितलं. "एवढा वेळ बोलला तो आणि नुसतं नाही म्हणतोय? नीट सांग. पैसे भरलेत." मागच्या बाकावरची बाई कानडीतून ओरडली, गप्प बसा म्हणून. तेही मी आजीला मराठीत सांगितलं.

थोडक्यात सांगायचं राहूनच जातं, तर पुढचं असं : युद्धानंतर, १९४७ साली, लू यान आईबरोबर हवाईला गेली. तिथे शिक्षण, नोकरी, संसार, मुलं. तिशीच्या आसपास, म्हणजे आपल्याकडे बायका 'आता काय राहिलंय' म्हणायला लागतात त्या वयात, तिने कॅलिफोर्नियातल्या पॅसाडीना प्लेहाऊस या नाट्यशाळेत नाव घातलं. १९६० साली 'द माउंटन रोड' नावाच्या सिनेमात ती जेम्स स्टुअर्ट या हॉलिवुडच्या बड्या नटासमोर उभी होती, एका चिनी अधिकाऱ्याची विधवा म्हणून.

'क्रेझी रिच एशियन्स'मध्ये ती चिनीतून बोलते आणि तिचं बोलणं खाली अक्षरांत येतं, हे लक्षात आलं का? आता तिच्यासाठी दुसरं कुणीतरी सांगतं.

प्रश्न : सदर या नटीचा भारताशी, विशेषतः भारतीय चित्रपटसृष्टीशी काही संबंध आला होता काय? आला नसल्यास या मासिकाची पाने खर्ची घालण्याचे प्रयोजन कळवावे.
— सेवानिवृत्त लिपिक, निपाणी

उत्तर : आला होता, आणि चांगला घसघशीत. तुमच्या दुसऱ्या वाक्याची आता गरज नाही, तरी छापलं आहे.

१९६८ साली हाँगकाँगच्या तांग शू श्वेन या दिग्दर्शिकेने 'द आर्च' हा कृष्णधवल सिनेमा केला. दिग्दर्शिका बाई, वय तिशीच्या आत, हे त्या काळी तिकडेही नवलच. नायिका लू यान, आणि कॅमेऱ्यामागे सुब्रत मित्र. होय, 'पथेर पांचाली'चे सुब्रत मित्र. सत्यजित राय यांनी ज्यांच्या हाती कॅमेरा दिला तेव्हा ज्यांनी सिनेमाचा कॅमेरा कधी चालवला नव्हता, ते. 'अपराजितो'मध्ये उघड्या आभाळाखालचा मवाळ उजेड स्टुडिओत आणायला त्यांनी दिवे थेट नटांवर न टाकता ताणलेल्या पांढऱ्या कापडावर टाकले आणि तिथून परतलेला उजेड घेतला. अंगणाच्या घरात दुपारी भिंतीवरून जो उजेड आत येतो ना, तसा. हिंदीतला 'तीसरी कसम'ही त्यांनीच टिपलेला. तो माणूस चिनी खेड्यातली विधवा टिपायला गेला, आणि ती विधवा बंगाली वाड्यातल्या बाईसारखी खिडकीशी उभी दिसते. हे माझं मत. चिनी समीक्षक काय म्हणतील ते म्हणोत.

गोष्ट अशी. मिंग राजवटीच्या काळातलं एक गाव. मादाम तुंग ही विधवा, शिकलेली, गावातल्या मुलांना शिकवते, आजाऱ्यांना औषध देते. तिने पतिनिष्ठेने दिवस काढले म्हणून तिच्या सन्मानासाठी गावात दगडी कमान उभी राहणार आहे. तेवढ्यात घोडदळाचा एक कप्तान मुक्कामाला तिच्या घरी येतो. दोघांच्या मनात जे यायचं ते येतं. बोलत कुणीच नाही. शेवटी त्याचं लग्न होतं ते तिच्या मुलीशी. आणि कमान उभी राहते.

आपल्या भागात देवळाच्या आवारात, शेताच्या बांधावर सतीचे दगड असतात. कानडीत मास्तीकल्लु म्हणतात. कोपरातून वर उचललेला बाईचा हात, हातात बांगड्या, वर सूर्य-चंद्र. लहानपणी आम्ही त्यावर बसून चिंचा खात होतो. तो दगड मेलेल्या बाईचा. सिनेमातली कमान जिवंत बाईची, रोज तिच्याखालून जायचं. दोन्हींत जास्त वाईट काय, हा प्रश्न मी तुम्हालाच विचारते, लिपिकसाहेब. पुढच्या पत्रात कळवा.

या भूमिकेसाठी लू यानला तैवानचा गोल्डन हॉर्स हा मानाचा पुरस्कार मिळाला, उत्कृष्ट अभिनेत्रीचा. सिनेमाभर ती फारसं बोलत नाही. नुसते हात बघा. भाजी निवडताना, दिवा लावताना, दार ओढून घेताना हात कुठे थबकतो ते. दाढी लावून कामं करणाऱ्या आईच्या मुलीला अंगाची भाषा शिकवावी लागली नसणार.

प्रश्न : ताई, मी गेली वीस वर्षं हौशी नाटकात काम करते. वय त्रेचाळीस. यंदाच्या स्पर्धेच्या नाटकात मला सासू दिली आणि नायिका बावीस वर्षांच्या मुलीला. दिग्दर्शक म्हणाले, "आता तुमचं हेच." मन उडालं आहे. तुम्ही त्या चिनी आजीचं कौतुक केलंत, पण म्हातारी होऊन कौतुक करून घेण्यात काय अर्थ? सोडून देऊ का?
— एक रंगकर्मी, अनगोळ

उत्तर : रागावून लिहिलं आहेस ते बरं केलंस. 'आता तुमचं हेच' हे वाक्य मलाही शाळेच्या स्नेहसंमेलनात ऐकवलं गेलं होतं, वयाच्या एकतिसाव्या वर्षी, आणि नंतर मला कैकयी दिली. त्यामुळे तुला काय वाटलं ते ठाऊक आहे. दिग्दर्शक चुकले, ते बोलण्यात. सासू देण्यात चुकले का, हे संहिता वाचल्याशिवाय मी सांगणार नाही.

लू यानला तरुणपणी नायिका मिळत होत्या असं समजू नकोस. अमेरिकेत 'हॅव गन – विल ट्रॅव्हल' नावाची घोडे-बंदुकांची मालिका होती, टीव्हीवर. त्यात सॅन फ्रान्सिस्कोच्या हॉटेलात काम करणारी चिनी मुलगी म्हणून ती वर्षभर दिसली. पात्राचं नाव काय? 'हे गर्ल'. म्हणजे 'ए पोरी'! तेहेतीस-चौतीस वर्षांच्या, दोन भाषांत शिकलेल्या बाईला ए पोरी. तिच्या आधी एक पुरुष नोकर होता, त्याचं नाव 'हे बॉय'. दिसायला तरुण, पडद्यावर वर्षभर, आणि नाव नाही.

ती मोठी झाली ती म्हाताऱ्या बायकांच्या कामांत. १९७२ साली हाँगकाँगच्या शॉ ब्रदर्सचा 'द फोर्टीन ॲमेझॉन्स' आला. यांग घराण्याचे पुरुष लढाईत पडतात आणि घरच्या बायका तलवारी घेऊन निघतात अशी ती जुनी चिनी कथा. त्यात सगळ्यांची आजी, पांढऱ्या केसांची, काठी आपटली की घर गप्प होतं अशी, ती लू यान. वय पंचेचाळीस! तुझ्याहून दोनच वर्षांनी मोठी. सहायक अभिनेत्रीचा गोल्डन हॉर्स त्या कामाला. मग १९७५ साली 'द एम्प्रेस डोवेजर'मध्ये ती चीनची राजमाता त्सीशी झाली. राणी म्हटली की आपल्याला कित्तूरची चन्नम्मा दिसते, घोड्यावर, तलवार उपसलेली. त्सीशी तशी नव्हे. ती बसून राज्य करायची. सम्राट तिचा भाचा, नावाचा राजा, आणि त्याचे सगळे धागे तिच्या हातात. त्या भूमिकेला तिसरा गोल्डन हॉर्स, पुन्हा मुख्य अभिनेत्रीचा. पुढच्या वर्षी 'द लास्ट टेम्पेस्ट'मध्ये तीच राजमाता परत.

आणि १९८७ साली बर्तोलुची यांचा 'द लास्ट एम्परर' आला, नऊ ऑस्कर घेऊन गेलेला, बीजिंगच्या जुन्या राजवाड्यात खरोखर जाऊन चित्रित केलेला. त्यात पुन्हा त्सीशी, या वेळी मरणाच्या दारातली. तीन वर्षांचंही न झालेलं पोर समोर आणून उभं करतात, ती त्याला सांगते की तू आता सम्राट. थोड्याच वेळात मरते, तोंडात काळा मोती ठेवतात. संपलं काम. काही मिनिटांचं. पुढे दोन तासांवर सिनेमा चालतो आणि मला आठवतात ती ही काही मिनिटं. आम्ही तो व्हिडिओ कॅसेट भाड्याने आणून बघितला होता, कॅसेट मध्येच अडकायची, आणि नेमकी राजमातेच्या चेहऱ्यावर अडकली. यजमान टेप ठोकत होते आणि मी म्हटलं, राहू दे थोडा वेळ.

१९९३ साली 'द जॉय लक क्लब'मध्ये ती आई होती, लेकीला आपल्या आईची हकिकत सांगणारी. तो बघताना रुमाल जवळ ठेव.

तर सोडू का, या प्रश्नाचं उत्तर : आधी संहिता घे आणि सासूच्या एंट्र्या मोज. मग त्यातल्या किती एंट्र्यांनंतर गोष्ट वळते ते मोज. सासू नुसती चहा घेऊन येत असेल तर स्पष्ट नाही सांग आणि दिग्दर्शकांना हे सदर दाखव. गोष्ट वळत असेल तर घे, आणि त्या बावीस वर्षांच्या मुलीशी चांगली वाग, तिचा यात दोष नाही. तालमीला पदर खोचून जाऊ नकोस, सासू आहेस.

प्रश्न : चीनने आपल्यावर आक्रमण केले हे आपण विसरलात काय?
— चिकोडी

उत्तर : नाही. १९६२ साली आमच्या शाळेत जवानांसाठी डबा फिरला होता, त्यात मी माझे साठवलेले चार आणे टाकले होते, ते अजून आठवतात. सोलापूरचे डॉ. द्वारकानाथ कोटणीसही आठवतात. १९३८ साली तिकडे गेले, चिनी परिचारिकेशी लग्न केलं, १९४२ साली तिथेच वारले. शांतारामबापूंनी त्यांच्यावर सिनेमा काढला तेव्हा त्या चिनी पत्नीचं काम जयश्रीबाईंनी केलं होतं. मराठी नटीने चिनी बाई केलेली चालली, तर चिनी नटीबद्दल दोन पानं वाचायला हरकत नसावी.

प्रश्न : ताई, मी सातवीत आहे. त्या आजीला किती बक्षिसं मिळाली? गोल्डन हॉर्स म्हणजे खरा घोडा देतात का? आणि तिचं नाव तारेवर आहे असं दादा म्हणतो, ते खरं का?
— बेळगुंदी

उत्तर : गोल्डन हॉर्स तीन. खरा घोडा देत नाहीत, मूर्ती देतात. खरा दिला असता तर ठेवला कुठे असता, हा विचार मीही केला.

दादा तारेवर नाही, ताऱ्यावर म्हणत असेल. अमेरिकेत हॉलिवुड नावाच्या भागात एका रस्त्याच्या फुटपाथवर गुलाबी फरशीच्या चांदण्या बसवल्या आहेत, कडेला पितळेची पट्टी, आत नटनट्यांची नावं. २०२५ साली त्यातली एक चांदणी तिच्या नावाची झाली. तेव्हा ती अठ्ठ्याण्णव वर्षांची होती. तू विचारलं नाहीस, पण विचारशील म्हणून सांगते : हो, लोक त्यावरून चालतात. चपला घालूनच.